दोरी कापणारा दगड

१४ एप्रिल १९५७. सकाळचे आठ वाजून वीस मिनिटे. नागभीडच्या बाजारात देवकाबाई एका रोहूचे खवले दगडाने खरवडत होती. समोरच्या गिऱ्हाइकाने मासा घेतला नाही. त्याने दगड पाहायला मागितला.

हे गिऱ्हाईक म्हणजे गुणवंतराव. भूगर्भ खात्यात नोकरी, मुक्काम नागपूर, वय चौतीस. लोहखनिजाच्या पाहणीसाठी ते दोन महिने या भागात फिरत होते. ते काम संपले होते आणि एक मेला त्यांना कोळशाच्या बोअरिंगवर हजर व्हायचे होते. मधले पंधरा दिवस मोकळे होते.

दगड सव्वातीन इंच लांब होता, तपकिरी, चपटा, टोकाला वाकलेला. दोन्ही कडांना बारीक दाते होते. ते नखाला लागत, पण डोळ्यांना नीट दिसत नव्हते. गुणवंतरावांनी खिशातले भिंग काढले. करवतीसारखे, एकसारख्या अंतरावरचे दाते. एका इंचात पन्नासच्या आसपास.

"बाई, हा कुठून आणला?"

"जाळ्याचा व्हय," देवकाबाई म्हणाली. "जाळ्याले खाली वजन लागते नं. पण हा मेला दोरी कापे. दर आठ दिवसाले दोरी तुटे न् हा तलावात. तीनदा बुडी मारून काढला यायनं." तिने मागे टोपल्या रचणाऱ्या नवऱ्याकडे, घनश्यामकडे, मानेने खूण केली. "मंग म्या म्हटलं, कापतेच तं खवले काढ."

गुणवंतरावांनी तो काय आहे ते ओळखले होते. मोठ्या मांसाहारी डायनोसॉरचा दात. जबलपूरकडे अशा प्राण्यांची हाडे पूर्वी सापडली होती. पण दात ओळखणे हा कामाचा सोपा भाग होता. खात्यातल्या एका कपाटात त्यांनी एक हाड पाहिले होते. सुरेख, अखंड, आणि खाली चिठ्ठी: 'ठिकाण अज्ञात'. ते हाड कोणी अभ्यासत नसे. कोणत्या थरातले, कशाच्या शेजारचे, हे माहीत नसेल तर हाड मुके असते. हा दात त्या कपाटात जायला नको असेल, तर एक मेच्या आत त्याची जागा सापडायला हवी होती.

"जाळ्यात आला कुठून?"

"माह्या माहेरून. लग्नात जाळ्याचे दगड मीच आणले होते."

"खोटं," मागून आवाज आला. देवकाबाईची सासू रुखमाबाई मरळीच्या टोपलीवर ओला फडका टाकत होती. "जाळ्यात निम्मे दगड माहे हायेत. वैनगंगेच्या काठचे. हा माहा व्हय."

"बाई, तुमचे समदे गोल हायेत."

"गोलात एक वाकडा निंघत नाई का? तुह्या माहेरात का दगडाची शेती हाये?"

"हाये," देवकाबाई म्हणाली.

घनश्याम हसला. आईने पाहताच त्याने पुन्हा टोपल्या रचायला घेतल्या.

प्रश्न साधा होता, आणि उत्तरांच्या मध्ये साठेक मैलांचे अंतर होते. वैनगंगा पूर्वेला, देवकाबाईचे माहेर पश्चिमेला, वरोऱ्याच्या पलीकडे पिंपळझोऱ्याला. दोन्हीकडे जाण्याइतके दिवस गुणवंतरावांकडे नव्हते. त्यांनी त्या दिवशी दुपारी घनश्यामच्या अंगणात जाळे पसरून घेतले. रुखमाबाईचे दगड नदीने घासून गुळगुळीत केलेले होते. नदीतून आला असता तर या दाताच्या कडा उरल्या नसत्या. शिवाय तळाच्या खळग्यात सुईने खरवडल्यावर चिमूटभर लाल-हिरवट चिकणमाती निघाली. तशी माती वरोऱ्याकडे काळ्या जमिनीखाली लागते.

"म्हणजे माहा नाई," रुखमाबाई म्हणाली. जरा वेळाने तिने विचारले, "पण हा व्हय तरी काय?"

"एका जनावराचा दात. पंचवीस-तीस फूट लांबीचे असावे. मागच्या दोन पायांवर चालणारे. मांस खाणारे."

"अन् त्याचा दात पाडला कोणं?"

"कोणी पाडला नाही. याला मूळ नाही, तळ खोलगट आहे. म्हणजे खाताना आपोआप गळला. त्यांना खालून नवा दात यायचा. जन्मभर."

रुखमाबाईच्या तोंडात वरचे तीनच दात होते. तिने सुनेकडे पाहिले. "त्याले जन्मभर अन् मले काऊन नाई?"

१७ एप्रिलला सकाळच्या गाडीने तिघे निघाले: गुणवंतराव, देवकाबाई आणि रुखमाबाई. घनश्याम जाळ्यासाठी मागे राहिला. सुनेचे माहेर खरेच दगडांचे आहे का ते डोळ्यांनी पाहीन, असे रुखमाबाईने जाहीर केले होते. देवकाबाई लग्नानंतर सात वर्षांत एकदाच माहेरी गेली होती. चांद्याला गाडी बदलताना ती दोनदा डब्याबाहेर डोकावली, स्टेशन सुटले तर नाही ना म्हणून. वरोऱ्याहून पुढे बैलबंडीने गेले. पिंपळझोऱ्याला पोचायला संध्याकाळ झाली. देवकाबाईची आई मंगली दारात उभी होती. तिने मुलीच्या हातातले गाठोडे घेतले आणि आधी विहिणीच्या पायावर पाणी घातले.

दुसऱ्या दिवशी अडचण समोर आली. देवकाबाईचा भाऊ इसरू याच्या शेताच्या धुऱ्यावर, बांधावर, दगडांचा कमरेइतका ढीग होता. नांगराला लागलेला प्रत्येक दगड पिढ्यान्पिढ्या तिथे टाकलेला. त्यात लिंबाएवढे, पेरूएवढे गोल दगड भरपूर. गुणवंतरावांनी एक फोडून पाहिला आणि ती जनावरांची दगड झालेली विष्ठा असल्याचे सांगितले.

इसरूने ज्वारी राखताना आयुष्यभर गोफणीत तेच दगड घातले होते. "म्हणजे सायेब, आम्ही पाखरं शेणानं हाकलली?"

"सहा-सात कोटी वर्षांपूर्वीच्या."

"तरीच जुनं पाखरू परत येते."

दातही याच ढिगातला असणार, असे त्याचे म्हणणे होते. तसे असेल तर शोध इथेच संपत होता. ढिगात आजूबाजूच्या चार शेतांचे दगड होते. कोणता कुठून आला, हे सांगणारे कोणी जिवंत नव्हते. गुणवंतरावांनी वही मिटली.

"ढिगातला नोय," देवकाबाई म्हणाली.

"तुले काय आठवते सात वर्षांचं?" इसरू म्हणाला.

"सोळा दगड लागत होते. पंधरा ढिगातले झाले. सोळावा पाहून राह्यली होती तं आईनं शेळ्यांमागं धाडलं. नाल्यात बसली होती. तिथी लाल मातीत हा उभा रुतून होता. उपटला, झाले सोळा."

"नाल्यात कुठी?"

ते तिला सांगता येईना. नाला अर्धा मैल लांब होता. सात पावसाळ्यांत दरडी ढासळल्या होत्या, ज्या पळसाखाली शेळ्या बसत तो तोडला गेला होता. ती काठाने पुढे गेली, मागे आली. रुखमाबाई मंगलीशेजारी धुऱ्यावर बसून पाहत होती. दहा मिनिटांनी ती उठली.

"शेळ्या नाल्यात कायले नेल्या होत्या? चारा तं वर हाये."

देवकाबाई वाकून पायाखालची माती उकरू लागली.

"सांग नं. काम चुकवाले गेली होती, नाई?"

"व्हय," देवकाबाई म्हणाली. मग आईकडे न पाहता, "घरून दिसू नाई अशा जागी बसे मी. दिसली का आई हाक मारे."

मंगली तोंडावर पदर घेऊन हसली. गुणवंतरावांनी इसरूला घराच्या दारात उभे केले, हातात पांढरे धोतर देऊन ते हलवत ठेवायला सांगितले, आणि स्वतः देवकाबाईसोबत नाल्यातून चालले. धोतर सगळीकडून दिसत होते. एकाच वळणावर, साठेक पावलांच्या पट्ट्यात, ते दिसेनासे झाले. त्या पट्ट्यात लाल माती दरडीच्या पायथ्याशी एकाच जागी उघडी होती. देवकाबाई तिथे खाली बसली आणि म्हणाली, "इथी."

१९ ते २३ एप्रिल तिथे खोदकाम झाले. खोदणारे इसरू, देवकाबाई आणि गुणवंतराव. रुखमाबाई चाळणी धरी आणि कोण किती हळू काम करते ते सांगे. दीड फुटावर एका मोठ्या शाकाहारी डायनोसॉरच्या पायाच्या हाडाचा तुकडा मिळाला, पावणेतीन फूट लांब. त्याच्या एका बाजूला दोन समांतर ओरखडे होते. गुणवंतरावांनी दाताची कड त्यांच्याशेजारी धरून पाहिली आणि वहीत लिहिले: 'ओरखडे अशा दाताचे असू शकतात. याच दाताचे, असे म्हणता येत नाही.' लाल थराची जाडी, खोली, गावच्या विहिरीपासूनचे अंतर आणि दिशा त्यांनी दोनदा मोजली. मांसाहारी प्राण्याचे एकही हाड मिळाले नाही. तो इथे जेवला होता एवढे दिसत होते. तो मेला कुठे, ते कळत नव्हते.

जायच्या आदल्या दिवशी ते इसरूशी बोलले. दरडीच्या वरची जमीन याच वर्षी नांगरली गेली, तर पहिल्या पावसात सगळे मिसळून जाईल. ती पट्टी ठेवा असे म्हणायचा त्यांना हक्क नव्हता, आणि खात्याकडून परवानगी यायला वर्ष लागले असते.

"किती जागा?"

"सहा ओळी, नांगराचे सहा तास. नाल्याकडचे."

इसरूने वळणाकडे पाहिले. "तिथी कापसाची पऱ्हाटी बरी येते," तो म्हणाला. मग म्हणाला, "माही बहीण सात दिवस घरी राह्यली, सायेब. तिच्या सासूनं स्वतःहून आणली. असं आमच्या गावात कोणाचं झालं नाई. ठेवतो."

गुणवंतरावांनी हात जोडले. परतीच्या गाडीत त्यांनी देवकाबाईला वरोऱ्याच्या बाजारातून घेतलेली सुरी दिली. दाताच्या बदल्यात. तिने धार पाहिली. "बरी हाये," ती म्हणाली. "पण त्याच्याएवढी नाई."

दात मे महिन्यात कलकत्त्याला, खात्याच्या मुख्य कचेरीकडे, रवाना झाला. सोबतच्या चिठ्ठीत ठिकाण आठ ओळींत लिहिले आहे. शोधणाऱ्याच्या जागी देवकाबाईचे पूर्ण नाव आहे आणि त्याखाली, जागा ओळखण्यास मदत, रुखमाबाईचे. जुलैत पोच आली. प्राण्याचे नाव अजून ठरलेले नाही. एका दातावरून ते ठरत नाही, दातांसह जबडा हवा, असे पोचेत म्हटले आहे.

इसरूने ती पट्टी पेरली नाही. ९ नोव्हेंबरला त्याचे कार्ड गुणवंतरावांना बोअरिंगच्या तळावर मिळाले. ते गावच्या गुरुजींनी लिहून दिले होते. परतीच्या पावसात वळणावरची दरड बसली आहे. न पेरलेल्या पट्टीखालून एक वाकडे हाड उघडे पडले आहे, हातभर लांब. त्याच्या एका कडेला ओळीने खळगे आहेत आणि दोन खळग्यांत काहीतरी तपकिरी रुतलेले आहे. इसरूने त्यावर माती लोटून पऱ्हाट्या आणि काटे टाकले आहेत. गुरे तिकडे जाऊ देत नाही.

गुणवंतरावांनी ११ नोव्हेंबरला रजेचा अर्ज पाठवला. ३० नोव्हेंबरपर्यंत त्याचे उत्तर आलेले नव्हते. खळगे किती आहेत, ते कार्डात लिहिलेले नाही.