गुरुवारचं बियासणं

हुलासबाईंना न्यूमोनियाची लस टोचायची, एवढं एकच काम. पण त्यापायी त्यांच्या सुनेच्या, एकताच्या नाकी नऊ आले होते. गेल्या हिवाळ्यात त्याच न्यूमोनियाने सासूबाई अकरा दिवस ऑक्सिजनवर होत्या. तिथे पडल्यापडल्या त्या बोलून बसल्या, घरी परतले तर वर्षीतप करीन. परतल्या, आणि एक दिवस कडक उपास, दुसऱ्या दिवशी दोनदा जेवण म्हणजे बियासणं, असं वर्षभराचं चक्र सुरू झालं. उपासाला उकळलेल्या पाण्याशिवाय काही नाही. औषध नाही, सुई तर नाहीच. शिवाय चातुर्मासात प्रकाशा गावाची शीव ओलांडायची नाही. आणि लस देणारे डॉक्टर नंदुरबारहून गावात येणार ते फक्त गुरुवारी. आता बसवा मेळ!

पहिल्या गुरुवारी बियासणं होतं, तर लसच आली नव्हती. एकताने कॅलेंडरवर एकाआड एक खुणा करून पुढचा बियासण्याचा गुरुवार काढला, चार फोन करून लस मागवली. त्या सकाळी ती साडी बदलून तयार, आणि सासूबाई म्हणतात, आज उपास. मधे चौदस येऊन गेली होती. चौदशीला जेवण चालत नाही, म्हणून लागोपाठ दोन उपास झाले आणि पुढचे सगळे दिवस सरकले. वीस वर्षं या घरात काढून एवढं आपल्या ध्यानात येऊ नये! एकताने कपाळाला हात लावला.

"मम्मीजी, एक सुई. ते काय खाणं आहे का?"

"बीनणी, मी जिवंत आहे ती या तपामुळेच."

त्यांचा तो शांतपणाच एकताला सहन होईना. दवाखान्यात अकरा दिवस उशाशी कोण बसलं होतं, हे ओठांवर आलेलं तिने गिळलं. सासरे धर्मचंद पेपरात तोंड खुपसून बसले होते.

"लस आठेच शे, वहिनी. कोठे जात नही," आज येत नाही म्हणून कळवायला फोन केला तेव्हा दवाखान्यातला कंपाउंडर चुडामण म्हणाला.

पुढच्या आठवड्यात मंगळवारपासून हुलासबाई खोकत होत्या. धुळीने होतंय म्हणाल्या. गुरुवारी मात्र सैल बाह्यांचं पोलकं घालून त्याच आधी तयार. दवाखान्यात बाहीही आपणहून वर केली. म्हणाल्या, टोचा, आज चालतं.

डॉक्टरांनी आधी ताप बघितला. एकशे दोन. मग बराच वेळ छाती ऐकत राहिले. आज लस नाही, आत्ताच्या आत्ता नंदुरबारला नेऊन ॲडमिट करा, म्हणाले.

हुलासबाईंची बाही तशीच वर होती.

"उद्या उपास आहे, बीनणी," त्या हळूच म्हणाल्या.

एकताने त्यांचा तो उघडा दंड धरून त्यांना उठवलं. तो तापाने भाजत होता.