खडेवालीची वरात

ही गोष्ट नकाशावरच्या सुरतेत घडली नाही. ती घडली दुसऱ्याच एका सुरतेत, जिथे तापी सातपुड्याकडून वाहत येताना गाळासोबत तेजखडे घेऊन यायची. एरवी सगळं तसंच होतं. उधन्यात माग खडखडत होते, रिक्षांमध्ये कॅसेटी वाजत होत्या, सत्त्याण्णव साल चालू होतं. फक्त लग्नाच्या वरातीला तिथे बत्त्या लागत नसत, खडे लागत.

तेजखडा दिसायला तुरटीच्या ढेकळासारखा. पण एखाद्या बाईने तो सांजच्याला डोक्यावर वाहायला घेतला, की काही महिन्यांनी तो तिच्या उबेने जागा व्हायचा आणि मग असा उजळायचा की रस्त्यावरची मुंगी दिसावी. एकदा जागा झालेला खडा त्या एका डोक्याशिवाय दुसरीकडे पेटत नाही, असं खडेवाल्या बायका सांगत. खड्यांचे मालक मगनभाई त्यावर हसत. त्यांच्या लेखी खडा म्हणजे गोदामातला माल, आणि बाई म्हणजे तो उचलणारी.

बमरोलीची सोनाबाई या खडेवाल्यांपैकी एक. अमळनेराकडून नवऱ्यामागे सुरतेला आली, नवरा गिरणीच्या कामात खंगून गेला, आणि पाळण्यातल्या प्रज्ञाला शेजारणीकडे ठेवून तिने पहिल्यांदा डोक्यावर चुंबळ ठेवली. दिवसा साड्यांच्या घड्या घालायच्या, लग्नसराईत संध्याकाळी वराती. प्रज्ञा आता नर्सिंगचं शिकत होती, आणि तिनेच आईचं दुसरं लग्न मनावर घेतलं होतं. सुकदेव रेल्वेत गँगमन होता, विधुर, मितभाषी, हसरा.

"लग्न विहारात साधंच होईल," प्रज्ञा म्हणाली. "पण आई, वरात काढायची."

"या वयात? लोक काय म्हणतील?"

"तुला हवीय की नको, तेवढं सांग."

सोनाबाई बराच वेळ भाकरी थापत राहिली. मग तव्याकडे बघतच म्हणाली, "जन्मभर दुसऱ्याच्या वरातीत कडेकडेने चालले. एकदा मधून चालायचंय."

दुसऱ्या दिवशी ती गोदामात गेली. मगनभाई झोपाळ्यावर बसून चहा पीत होते. माणूस वाईट नव्हता. सणाला मिठाई वाटायचा, कुणी आजारी पडलं तर विचारपूस करायचा. पण सोनाबाईचं मागणं ऐकून त्यांनी बशी खाली ठेवली.

"सोनाबेन, तमे समजो ने. खडेवालीच्या वरातीत खडे? उद्या शेठलोक मला विचारतील, आमच्या मुलीपुढे जे खडे, तेच हिच्यापुढे? माझा धंदा बसेल."

"एका संध्याकाळचा प्रश्न आहे, मगनभाई."

"एका संध्याकाळीच आब जातो."

ती तशीच माघारी वळली. परत येताना तिचे कान तापले होते. इतकी वर्षं आपण ज्या उजेडाचं ओझं वाहिलं, त्यात आपण उभं राहिलो तर त्याचा आब जातो, हे तिला गिळवेना.

गल्लीत पोचेपर्यंत बातमी तिच्याआधी पोचली होती. ओट्यावर सगळ्या खडेवाल्या जमल्या होत्या. त्यांच्यात वयाने मोठ्या शांताबाई. त्या तंबाखूची डबी मिटत म्हणाल्या, "तुन्हा वरातमा खडा नही, ते आम्हना डोकावर बी नही."

"आनि सराई बुडनी ते?" सोनाबाईने घाबरून विचारलं.

"बुडू दे," शांताबाई म्हणाल्या, आणि ओट्यावरचं कुणी हललं नाही.

त्याच आठवड्यात उधन्याच्या एका बड्या कापडवाल्या शेठच्या मुलीचं लग्न होतं. मगनभाईंनी खडेवाल्यांच्या जागी बारडोलीकडून ऊसतोडीच्या बायका आणल्या, त्यांच्या डोक्यावर खडे दिले आणि हात जोडून वरात काढायला सांगितली. बँड सुरू झाला. खडे तसेच राहिले, मळकट, गप्प. मगनभाईंना वाटलं, थोड्या वेळाने पेटतील. दिवस मावळला, घोडा बिथरायला लागला, नवरदेवाला पुढचा रस्ता दिसेना. बँडवाल्यांनी आपण होऊन वाजवणं थांबवलं.

मगनभाई रिक्षा करून बमरोलीला आले तेव्हा सोनाबाई दारात दिव्याखाली तांदूळ निवडत होती. त्यांचा सफारी घामाने पाठीला चिकटला होता.

"चल बेन. तुझ्या लग्नाला खडे घे. सगळे घे."

सोनाबाईने सूप बाजूला ठेवलं. तेवढंच मागायला ती गेली होती, आणि तेवढं आता मिळत होतं. पण या चार-सहा दिवसांत तिचं मन पुढे गेलं होतं.

"एका संध्याकाळचं नाही आता," ती म्हणाली. "ज्या डोक्यावर जो खडा उजळतो, तो त्या बाईच्या घरी राहील. वरातीचं काम तुम्ही आणा, आम्ही येऊ. पण गोदामात खडा नाही जाणार."

"खडे मी विकत घेतलेत."

"तुम्ही दगड विकत घेतलेत. ते आत्ता उधन्याला बघून आलात ना?"

मगनभाईंनी गल्लीकडे पाहिलं. दारादारांत बायका उभ्या होत्या. कुणी हसत नव्हतं.

"ठेवा," ते शेवटी हळूच म्हणाले. "पण आत्ता चला. तिकडे मुलगी ताटकळलीय."

त्या नवऱ्या मुलीने काय घोडं मारलं होतं? सोनाबाईने चुंबळ उचलली. त्या संध्याकाळी उधन्याचा रस्ता उशिरा उजळला, पण असा उजळला की लोक गच्च्यांवर आले. आणि वरात संपल्यावर खडेवाल्या गोदामाकडे न वळता, खडे डोक्यावर तसेच ठेवून, गप्पा मारत आपापल्या घरी गेल्या.

सोनाबाईच्या लग्नाच्या दिवशी बमरोलीत पाय ठेवायला जागा नव्हती. तिने पांढरी साडी नेसली, प्रज्ञाने तिच्या केसांत मोगरा माळला. शांताबाई म्हणाल्या, "तुन्हा खडा आज घर राहू दे. नवरी कुठे वझं उचलस?"

"वझं नही शे ते," सोनाबाई म्हणाली, आणि मोगऱ्यावर अलगद चुंबळ ठेवून तिने खडा स्वतः डोक्यावर घेतला.

पाळी सुटलेले गिरणीकामगार फाटकाबाहेर थबकले. दोन्ही कडांना खडेवाल्या, आणि मधोमध ताठ मानेने चालणारी नवरी. तिच्या खड्याचा उजेड पत्र्यांवर, सायकलींवर, लेकरांच्या तोंडांवर पडत होता. लोक वाट करून देत होते, आणि मग मागे मागे सामील होत होते. सोनाबाईला रडू येईल असं वाटलं होतं. आलं नाही. तिला भूक लागली होती, पायांना हुरूप आला होता, आणि रस्ता आणखी लांब असता तर बरं झालं असतं असं वाटत होतं.

विहाराच्या दारात सुकदेव उभा होता. त्याने डोळ्यांवर हात धरला.

"एवढा उजेड? माझे सगळे पांढरे केस दिसतील."

"दिसू देत," सोनाबाई म्हणाली, आणि खडा न उतरवताच पायऱ्या चढली.