साडीचोळीचा जबाब

मंडळ अधिकारी श्रीरंग ढोणे सकाळी कचेरीत आले तेव्हा त्यांच्या बगलेत साडीचा पुडा होता. भाऊबीज चार दिवसांवर आली होती. धाकटी बहीण नलिनी मिरजेला दिलेली. यंदा अबोली रंगच हवा, असा तिने फोनवर हट्टच धरला होता. पुडा कपाटावर ठेवून त्यांनी चहा घेतला आणि फेरफारांचा गठ्ठा पुढे ओढला.

तेवढ्यात दारात एक पन्नाशीची बाई उभी राहिली. कपाळ मोकळं, हातात दोऱ्याने बांधलेली प्लॅस्टिकची पिशवी.

"भाऊसाहेब, वळकलंसा का? म्या सुगंधा. माळेवाडीच्या बिरू मासाळाची भन."

ढोण्यांनी ओळखलं. दहा वर्षांपूर्वी ते माळेवाडीचेच तलाठी होते.

"बसा, आक्का. बिरू बरा आहे ना?"

"जाऊन वरीस झालं त्याला. मालकबी गेलं. सासरच्यांनी भाईर काढलं, तवापास्नं बापाच्या रानात पत्र्याचं खोपाट घालून ऱ्हाती. आता भाचा म्हंतोय, आत्ती, दिवाळी झाली की रान इकणार, खोपाट उचल. म्या कुठं जाऊ?" तिने सातबाऱ्याचा उतारा टेबलावर ठेवला. "ह्याच्यावर माझं नाव न्हाई. तेवढं घाला."

ढोण्यांनी चष्मा पुसला. असल्या वेळी काय बोलायचं ते त्यांना तोंडपाठ होतं.

"आक्का, ते माझ्या हातात नाही. वडील वारले की मुलाबाळांची नावं लावायची, एवढंच आमचं काम. जमिनीचा मालक कोण, कुणाचा हक्क आहे, कुणाचा गेला, हे दिवाणी कोर्ट ठरवतं. सातबाऱ्यावर नाव असलं म्हणून कुणी मालक होत नाही, आणि नसलं म्हणून हक्क बुडत नाही."

सुगंधाने सगळं नीट ऐकून घेतलं. मग अगदी साधेपणाने विचारलं, "घालाया तुमास्नी अधिकार न्हाई. मग बाप गेला तवा काढाया कुठनं आला?"

ढोण्यांनी शिपायाला सांगून जुनं दप्तर मागवलं. फेरफाराला जोडलेला जबाब सापडला. अक्षर त्यांचंच होतं, वळणदार. "मी माझा हिस्सा भावाच्या लाभात स्वखुशीने सोडत आहे." खाली निळा अंगठा. तारीख भाऊबीजेची.

तो दिवस त्यांना लख्ख आठवला. माहेरवाशिणी घरात असतात, एका फेरीत काम उरकतं, म्हणून असले जबाब घ्यायला ते सणालाच जायचे. सगळेच तलाठी जायचे. जबाब कचेरीतच लिहून तयार असायचा. बिरूच्या ओसरीवर पाट मांडला होता, ताटात साडीचोळी होती. ओवाळून झाल्यावर ढोण्यांनी शाईची डबी उघडली होती. सुगंधा म्हणाली होती, "मला वाचता येतंय, भाऊसाहेब. चौथी झालीया. सही करती की." आणि करंजी चावत ते म्हणाले होते, "अंगठाच उठव गं, शाई उघडलीय. भावावर विश्वास नाही का?"

सगळे हसले होते. तीही हसली होती. हिस्सा मागणाऱ्या बहिणीला माहेर बंद होतं, हे त्या ओसरीवर सगळ्यांनाच ठाऊक होतं. हक्क सोडायचा तर नोंदणी झालेला दस्त लागतो, हे मात्र एकट्या ढोण्यांना ठाऊक होतं. तरी त्यांनी तिचं नाव गाळलं. पैही घेतली नव्हती त्यांनी. आजवर ते याच गोष्टीवर निर्धास्त झोपत आले होते. आता त्यांना स्वतःची शरम वाटली.

"कोर्टात जावं लागेल, आक्का," ते खाली मान घालून म्हणाले. "तालुक्याला फुकट वकील मिळतो. विक्रीला मनाई मागा. मी लिहून देतो."

"काय लिवून देनार?"

"जे झालं ते. जबाब आधीच लिहिला होता. तुम्हाला वाचू दिला नाही. दस्त नव्हता. नाव काढायचा मला अधिकार नव्हता."

"तुमच्या नोकरीवर येईल की वो."

"येऊ दे."

दीड वर्षात निवृत्ती होती. लिहिताना हात दोनदा थांबला, पण त्यांनी लिहिलं. कागद तिच्यापुढे सरकवून ते सवयीने म्हणाले, "घ्या, ठेवा पिशवीत."

"थांबा. आदी वाचू द्या."

ती बोट ठेवून एकेक ओळ वाचू लागली. बाहेर लोक खोळंबले, शिपाई दोनदा डोकावून गेला. ढोणे हलले नाहीत. दहा वर्षांपूर्वी याला फार तर पाच मिनिटं लागली असती.

वाचून झाल्यावर तिने कागदाची घडी केली. उठताना तिची नजर कपाटावरच्या पुड्याकडे गेली.

"भनीला व्हय?"

"हो."

"तिचा अंगठा घेतलासा, का सही?"

तिच्या बोलण्यात टोमणा नव्हता. ती गेली तरी ढोणे दाराकडे बघत राहिले. वडील गेले त्या वर्षी, भाऊबीजेलाच, नलिनीने सही केली होती. एम.ए. झालेली पोरगी. कागद न वाचताच सही करून म्हणाली होती, "दादा, तू आहेस ना!"

त्यांनी फोन लावला.

"दादा! साडी घेतलीस ना रे? अबोलीच ना?"

"घेतली. नले, येताना आपला सातबारा आणतोय. तुझं नाव नाहीये त्यावर. मीच काढवलं. काय काय लिहून घेतलं होतं तुझ्याकडून, ते आधी वाच. मग ओवाळायचं की नाही, ते तू ठरव."