देवाला आसन क्रमांक कशाला?

रविवारची आजार बरे करण्याची प्रार्थनासभा दहाची, पण हॉल साडेआठलाच गच्च भरला होता. काठी टेकत आलेले, पट्ट्या बांधलेले, खुर्चीतून ढकलत आणलेले, आणि काहीही झालेलं नसताना नुसती गंमत बघायला आलेले, असे दोनशे लोक खेटून बसले होते. व्यासपीठासमोर एक भलीमोठी वेताची टोपली होती. तिचं नाव विश्वासाची टोपली. ज्याला आपण बरे झालो असं वाटेल त्यानं सभा संपताना आपलं औषध तिच्यात टाकायचं. आतापर्यंत तिच्यात चष्मे, कंबरपट्टे, दम्याचे पंप आणि गोळ्यांच्या बाटल्या पडल्या होत्या. औषधांच्या दुकानदाराला हेवा वाटावा असा साठा!

सभेचे धनी थेटभाऊ. हे नाव मीच ठेवलं, कारण त्यांचं पालुपद एकच. "इतरांना देव पुस्तकात शोधावा लागतो. मला तो थेट सांगतो! आत्ता! या कानात!" असं म्हणत ते उजव्या कानावर बोट ठेवायचे. कोणता कान तेसुद्धा बिचारे दर रविवारी दाखवत होते, पण बघणार कोण?

मी कानाची यंत्रं बसवतो आणि दुरुस्त करतो. देवाधर्माच्या वाटेला फारसा जात नाही. त्या दिवशी गेलो तो धाकट्या बहिणीपायी. माझ्या भाचीला फिट्स यायच्या. चौदा महिन्यांत एकही आली नव्हती, कारण रोज सकाळ-संध्याकाळ एक गोळी. एकही चुकवू नका, असं डॉक्टरांनी बजावलेलं. आणि मागच्या रविवारी थेटभाऊ डोळे मिटून म्हणाले, "सहाव्या रांगेत एक आई बसलीय. तिच्या लेकीला झटके येतात. आई, लेक मोकळी झाली! पुढच्या रविवारी गोळ्या टोपलीत!"

बहीण ढसाढसा रडली. आज सकाळची गोळी तिनं पोरीला दिलीच नव्हती. बाटली पर्समध्ये टाकून, लेकीला बरोबर घेऊन निघाली होती.

"अगं, गोळी घेतली म्हणून फिट थांबली," मी वाटेत घसा फोडून सांगत होतो. "आणि थांबली म्हणून आता गोळी नको? हे कुठलं गणित?"

"दादा, पण त्यांना कळलं कसं? मी तिथं कुणापाशी चकार शब्द काढला नव्हता."

दारातच एक कागद हातात पडला. नाव, दुखणं, औषध, रांग, आसन क्रमांक. भरायचा आणि कुलूपबंद पेटीत टाकायचा.

"हे मागच्या रविवारी भरलं होतंस?"

"ती प्रार्थनेची चिठ्ठी आहे, दादा! ती कुणी वाचत नाही. तिला कुलूप असतं."

स्वतःच्या हातानं लिहून द्यायचं, आणि तासाभरानं तेच ऐकून तोंडात बोटं घालायची. आणि देवाला आसन क्रमांक कशाला लागतो, हे एकालाही विचारावंसं वाटू नये!

आमच्याबरोबर आत्या होती. वय ऐंशी, चाळीस वर्षं चर्चमध्ये मुलांना पवित्र शास्त्र, म्हणजे बायबल, शिकवलेली, शिस्तीची कडक. तिच्या कानात मी बसवलेलं यंत्र आहे. दारात थेटभाऊंच्या सौभाग्यवती उभ्या होत्या, मधाळ आवाजाच्या. त्या म्हणाल्या, "आजी, कानातलं यंत्र इथंच काढून द्या हं. आज देव कान उघडणार आहे."

"उघडले की देईन," आत्या म्हणाली. "तोवर ऐकू काय, तुझं कपाळ?" तिनं डोक्यावरचा रुमाल कानावर ओढला आणि तरातरा आत गेली.

मला मात्र खटकलं. चष्मेवाले चष्म्यासकट आत. काठीवाले काठीसकट आत. दारातच काढून घेत होते ते फक्त कानाचं यंत्र. असं का?

सभा सुरू झाली आणि ड्रम असे काही बडवायला लागले की खुर्च्या हादरल्या. अशा वेळी आत्याची एक युक्ती असते. यंत्रावर एक बारकं बटण आहे. ते फोनच्या खुणेवर सरकवलं की बाहेरचा आवाज बंद होतो, आणि टेलिफोनमधला तेवढा ऐकू येतो. फोन नसेल तर नुसती शांतता. आत्यानं बटण सरकवलं आणि हाताची घडी घालून बसली. दोन मिनिटांत ताडकन उभी राहिली.

"अगंबाई!" तिला स्वतःचा आवाज ऐकू येत नसल्यामुळे ती हॉलभर ओरडली. "देव बाईच्या आवाजात बोलतोय! म्हणतोय, चौथी रांग, कडेला, मुतखडा, डावी बाजू!"

ड्रम थांबले. व्यासपीठावर थेटभाऊंनी डोळे मिटलेलेच होते. सवयीनं त्यांच्या तोंडून बाहेर पडलं, "चौथ्या रांगेत... कडेला... एका भावाला... मुतखडा..."

काय तो गलका उडाला! आजीला आधी कळलं! चौथ्या रांगेतला माणूस डावी बाजू धरून रडायला लागला. थेटभाऊ गडी मोठा हुशार, लगेच हात पसरून म्हणाले, "आजींवरही आत्मा उतरला!"

"आता म्हणतोय," आत्या खणखणीत आवाजात पुढं सांगू लागली, "ही दारातली म्हातारी कशाला ओरडतेय? तिला खाली बसव. आणि पोटावरचं बटण लाव, उघडं राहिलंय."

दोनशे डोकी थेटभाऊंच्या पोटाकडे वळली. बटण खरंच उघडं होतं.

माझ्या डोक्यात लख्ख प्रकाश पडला. मी वाकून पायाखालच्या गालिच्याची कड उचलली. खाली तार! सबंध हॉलला वेढा घालून ती व्यासपीठाशेजारच्या 'प्रार्थनाकक्षा'त शिरली होती. मी तारेच्या मागोमाग गेलो आणि दार सताड उघडलं. आत व्यासपीठाकडच्या झरोक्याशी सौभाग्यवती बसल्या होत्या. समोर कुलूप उघडलेली पेटी, मांडीवर चिठ्ठ्यांचा गठ्ठा, तोंडाशी माइक.

"माफ करा हं, वहिनी," मी म्हणालो, आणि माइक ओढून घेऊन त्यात जीव खाऊन फुंकर मारली.

हॉलमध्ये कुणाला काही ऐकू गेलं नाही. फक्त दोन माणसं दचकली. आत्यानं कान धरला. आणि व्यासपीठावर थेटभाऊ "आई गं!" म्हणून उडाले आणि त्यांनी उजव्या कानात बोट घातलं. ते बोट बाहेर आलं तेव्हा त्याबरोबर वाटाण्याएवढं काहीतरी निघून जमिनीवर पडलं.

मी धावत व्यासपीठावर जाऊन ते उचललं आणि सगळ्यांना दाखवलं. "तारेत आवाज सोडला की या वेढ्याच्या आत चुंबकाचा जोर कमी-जास्त होतो. हा दाणा त्याचा परत आवाज करतो. आत्याच्या यंत्राचं फोनचं बटण हेच काम करतं. म्हणून दारात यंत्रं काढून घेत होते! बहिऱ्याला चुकून देव ऐकू येऊ नये म्हणून!"

काही जण हसले. काहींनी माना खाली घातल्या. एक स्वयंसेवक मात्र हट्टाला पेटला. "देव तारेतूनही बोलू शकतो!"

आत्यानं बटण जागेवर आणलं होतं. "बोलेल ना," ती म्हणाली. "पण त्याला चिठ्ठी बघून वाचावं लागत नाही. चाळीस वर्षं मी पोरांना शिकवलं. देव कसा कळतो? त्यानं केलेल्या सृष्टीत दिसतो, आपल्या मनाला टोचतो, शास्त्रात बोलतो, आणि ख्रिस्तात माणूस होऊन सगळ्यांसमोर उघड आला. उघड! गालिच्याखालून नाही."

थेटभाऊ मागच्या दारानं केव्हाच पसार झाले होते.

बहीण टोपलीपाशी उभी होती. बाटली तिच्या मुठीत. तिचा चेहरा बघून माझा सगळा चेव उतरला.

"आत्या," ती म्हणाली, "म्हणजे देव माझ्याशी बोललाच नाही? एवढ्या लोकांत पहिल्यांदाच कुणीतरी मला ओळखलं असं वाटलं होतं गं."

आत्यानं तिला जवळ ओढलं. "वेडाबाई, चौदा महिने रोज दोनदा गोळी द्यायची आठवण तुला कुणी करून दिली? आज सकाळी गोळी न देताना हात सारखा बाटलीकडे जात होता, कसंतरी होत होतं, खरं सांग."

"होत होतं," बहीण म्हणाली आणि रडायला लागली.

"मग ते काय होतं?"

आत्याचं म्हणणं, तो देव. माझं म्हणणं, ती आई. आमचा हा वाद अजून मिटलेला नाही आणि मिटायची घाईही नाही. पण गोळी द्यायची, यावर आमचं दोघांचं एकमत झालं. बहिणीनं पाण्याची बाटली उघडली, भाचीला तिथंच, टोपलीसमोर, सकाळची गोळी दिली. मग दम्याचा पंप टाकलेली एक बाई पुढं झाली आणि टोपलीत हात घालून आपला पंप शोधू लागली. तिच्यामागून आणखी लोक आले. टोपली रिकामी व्हायला दहा मिनिटंही लागली नाहीत.

तुमचा देव तुमच्यापाशी ठेवा, मला त्यात पडायचं नाही. पण कुणी त्याचा निरोप घेऊन आला आणि म्हणाला औषध सोडा, तर आधी दोन गोष्टी करा. दारात काय लिहून दिलं होतं ते आठवा, आणि गालिचा उचलून बघा.