सासूचं नाक

हद्दीवरच्या त्या भूशिराचं नाव तुम्ही बदललंत, साहेब. आणि तिथे माणूस बुडत असताना बचाव कक्षातल्या तुमच्या माणसाने फोनवर सुनावलं, “बाई, ‘सासूचं नाक’ असं ठिकाण आमच्या नकाशात नाही.”

बर्फाच्या कारखान्यातल्या त्या बाईचे हात एरवीही गारठलेलेच असायचे. आता त्यांतून फोन निसटत होता. नवऱ्याचा आवाज एकदाच आला होता. “अगं, इंजिन बसलंय, बोटीत पाणी भरतंय. सासूच्या डाव्या नाकपुडीत अडकलोय.” मग नुसती खरखर.

“अहो, ते समुद्रात घुसलेलं बाकदार टोक! खाली दोन घळी आहेत बघा, नाकपुड्यांसारख्या. त्यांच्या मधून हद्द जाते!”

“नवीन नाव सांगा.”

नवीन नाव तिला कुठून ठाऊक असणार? तुम्ही ते कोनशिलेवर कोरलंत, आणि कोनशिला लावलीत चौकात. चौकातून बोटी जात नाहीत, साहेब.

शेवटी तिने नणंदेला फोन लावला. नणंद हद्दीपलीकडे दिलेली, मच्छीमाराच्याच घरात. सासूच्या बांगड्यांवरून दोघींचं बोलणं कधीचंच तुटलं होतं.

“वन्सं, हे सासूच्या नाकपुडीत अडकलेत. बोट बुडतेय.”

“कुठल्या?”

“डाव्या.”

“म्हणजे तुमच्या हद्दीत.” नणंदेने तिथूनच नवऱ्याला हाक मारली. “मरू दे ती हद्द. ठेव फोन, आमचे हे निघालेच.”

दुपारी फोन वाजला.

“वहिनी, सापडला गं दादा! आमच्या ह्यांची विजार घालून बसलाय, घोट्याच्या वर येतेय. ध्यान दिसतंय नुसतं!”

ती मटकन बर्फाच्या लादीवरच बसली. हसता हसता रडली, गारठा कळलाच नाही. “वन्सं, त्या बांगड्या...”

“घाल चुलीत त्या. आधी ह्याला घेऊन जा. खातो फार!”

संध्याकाळी तुमचा अधिकारी आला, कडक इस्त्रीतला. परकी बोट हद्दीत घुसली म्हणे, चौकशी करायची होती. त्याने नकाशा उघडला आणि बरोब्बर डाव्या घळीवर बोट ठेवलं. “इथे घुसली ना? हे पाणी आपलं आहे, बाई.”

तिने ओले हात ॲप्रनला पुसले.

“आपलं आहे? मग सकाळी तिथे आपला माणूस बुडत होता, तेव्हा आपलं कोण आलं? नाव जुनं घ्या नाहीतर नवं घ्या, पण सांगा. मी इथेच उभी आहे.”