जप्त झालेल्या पंपाची कैफियत

मी एक जुना पाण्याचा पंप आहे. डिझेलवर चालतो, म्हणजे चालत असे. मित्रांनो, जरा जवळ या, मोठ्याने बोलायची मला भीती वाटते. मी सध्या कोर्टाच्या आवारात पडून आहे.

कारखान्यात माझे लोखंड ओतले, चाक बसवले, तेव्हा मी काय ऐटीत होतो! एका विधवा बाईने मला विकत घेतले. घरात सगळे तिला धाकटी म्हणत. तिने मला आपल्या विहिरीच्या काठावर बसवले. "माझा पंप म्हणजे घरातला कर्ता पुरुष," असे ती जावेला सांगायची. ते ऐकून मी आणखी जोरात धडधडायचो.

मग सरकारी योजना आली. ज्याची स्वतःची जमीन आणि स्वतःचा पंप, त्याला दरवर्षी बियाणे आणि खत फुकट. धाकटीला ते मिळू लागले आणि तिच्या थोरल्या दिरांच्या पोटात दुखू लागले. त्यांच्याकडे जमीन भरपूर, पंप मात्र नाही. "धाकटे, तपासणीपुरता दे गं. आपण घरचेच ना?" ते म्हणाले. तिच्या मळ्याची वाट त्यांच्या शेतातून जात होती, म्हणून नाही म्हणायची तिची छाती झाली नाही.

झाले! तपासणीचे साहेब येणार म्हटले की माझे लाल झाकण काढून हिरवे बसवायचे आणि मला हातगाडीवरून दिरांच्या विहिरीवर न्यायचे. साहेब दोन शेतांवर दोन वेगळ्या दिवशी येत, त्यामुळे सगळे खपून गेले. माझा जीव मात्र दरवेळी टांगणीला लागायचा. चोराच्या मनात चांदणे म्हणतात, ते काही खोटे नाही.

शेवटी कुणीतरी तक्रार केली. मदत घेणाऱ्या सगळ्यांचे दावे कोर्टापुढे गेले आणि न्यायाधीशबाई स्वतः पाहणीला आल्या. दोन्ही शेते एकाच सकाळी! धाकटीच्या विहिरीवर त्यांनी मला चालवून पाहिले. "छान," म्हणाल्या. मग त्या मोटारीने रस्त्याने वळसा घालून निघाल्या आणि इकडे दिरांनी मला बांधावरून पळवले. धाकटी मागून ढकलत होती. हिरवे झाकण बसले. थंड हो रे बाबा, थंड हो, असे मी स्वतःला विनवत होतो. पण लोखंड इतक्या लवकर निवते होय?

"हा आज चालवला होता का?" न्यायाधीशबाईंनी विचारले.

"नाही बाईसाहेब, आठ दिवस बंदच आहे," दीर म्हणाले.

त्यांनी माझ्यावर हात ठेवला आणि चटकन मागे घेतला. "मग एवढा तापला कसा?"

धाकटी पुढे आली. "पंप माझा आहे. दरवेळी मीच दिला. माझी वाट यांच्या हातात आहे, बाईसाहेब."

"खरे बोललात," त्या म्हणाल्या, "पण खोट्याला हातभारही लावलात."

त्यांनी दिरांना वाट अडवायची नाही, अशी ताकीद दिली. दोघांचीही मदत मात्र थांबली आणि मला पुरावा म्हणून जप्त केले. तेव्हापासून मी इथे उन्हापावसात पडलो आहे. शेजारची मोडकी मोटार गंजून पार मातीला मिळाली. धाकटी दर तारखेला तेलाची बाटली घेऊन यायची, आणि शिपाई म्हणायचा, "हात लावायचा नाही, मावशी. मुद्देमाल आहे तो."

मित्रांनो, आपली वस्तू गरजवंताला जरूर द्या, पण खोटेपणाला उसनी देऊ नका. आणि बंद पडून राहिलेल्या यंत्राला अधूनमधून थेंबभर तेल द्या हो! आम्हाला मागता येत नाही.

आज निकाल लागला. धाकटीची मदत गेली ती गेलीच, पण पंप तिला परत मिळणार आहे. "पंप आहे तोवर मला कुणाची मदत नको," ती शिपायाला हसत म्हणाली. उद्या ती गाडी घेऊन मला न्यायला येईल. माझे चाक गंजून घट्ट बसले आहे, हे तिला अजून माहीत नाही.