झेंड्याच्या काठीचे दरमहा दोनशे

पगार कापणाऱ्या माणसावर कुणी माया करत नाही, आणि पलटणीच्या वेतन कचेरीतल्या हेडक्लार्कवर तर कुणीच करत नव्हतं. सगळे त्यांना कात्री म्हणत. तोंडावर कात्रीसाहेब, पाठीमागे नुसतं कात्री. बत्तीस वर्षं एकच टेबल, समोर एक खिडकी आणि खिडकीसमोर दारूगोळ्याच्या कोठाराची भिंत. दिवसभर दारात कुणी ना कुणी पगाराची स्लिप घेऊन उभा, आणि प्रत्येकाचा प्रश्न एकच, "साहेब, माझे का कापले?" कात्रींचं उत्तरही ठरलेलं. "नियम आहे. अर्ज करा, तीन प्रतींत."

पण माणूस हुशार, हे नाकबूल करून चालणार नाही. हुद्दा सांगा, नोकरी किती झाली सांगा, लग्न, पोरं, क्वार्टर मिळालंय की भाड्याने राहता, एवढं सांगितलं की चहाचा कप खाली ठेवायच्या आत ते तुमच्या हातात काय पडणार ते सांगत. मूळ पगार, त्यावर महागाई भत्ता, खडतर जागी असाल तर त्याचा भत्ता, गणवेशाचा भत्ता. मग वजा भविष्य निर्वाह निधी, विमा, मेसचं बिल, विजेचं बिल, आणि हरवलेल्या ब्लँकेटची वसुली. पाच-दहाच्या वर फरक पडायचा नाही. अख्ख्या पलटणीत एकच पगार ते गेली सहा वर्षं चुकीचा सांगत होते. तो म्हणजे स्वतःचा, आणि सांगत होते स्वतःच्या बायकोला.

घरी त्यांनी सांगून ठेवलं होतं की दरमहा दोनशे 'झेंडाकाठी निधी'त जातात. काय तर म्हणे पलटणीच्या झेंड्याची काठी ऊनवाऱ्याने झिजते, आणि तिचा मान राखायला जुन्या माणसांनी वर्गणी द्यायची असते. हे सांगताना ते खुर्चीत जरा ताठ बसत. बाईंनी कधी खळखळ केली नाही. काठीपुढे कोण काय बोलणार.

दोनशे जात होते छावणीमागच्या तळ्यावर, होड्या बांधणाऱ्या सुताराकडे. एक होडी, किंमत तीस हजार, अर्धी कात्रींची आणि अर्धी बँडमास्तरांची. प्रत्येकी पंधरा हजार, म्हणजे दोनशेचे पंचाहत्तर हप्ते. त्यातले बहात्तर भरून झाले होते. तीन हप्ते उरले होते आणि निवृत्तीलाही तीनच महिने उरले होते, असा बेत त्यांनी बसवला होता. आता या गृहस्थांना पोहता येत नव्हतं, वल्हं कुठून धरतात ते ठाऊक नव्हतं, मासा ताटात आला की ते तोंड फिरवत. त्यांना फक्त पाण्याच्या मधोमध जाऊन बसायचं होतं, जिथे कुणी कागद घेऊन येऊ शकत नाही. बत्तीस वर्षं भिंत बघितलेल्या माणसाची एवढीच हौस होती.

मग बायकोला सरळ सांगायला काय झालं होतं? झालं होतं असं की लग्नानंतर दुसऱ्याच वर्षी, लोकांची वजनं करून चार पैसे मिळवू म्हणून, कात्रींनी एक पुरुषभर उंचीचं वजनाचं यंत्र विकत आणलं होतं. ते न्हाणीघराच्या दारात जे अडकलं ते अजून अडकलेलंच आहे. आजही आंघोळीला जाणाऱ्याला आडवं होऊन जावं लागतं आणि जाताना स्वतःचं वजन कळतं. तेव्हापासून बाईंनी वचन घेतलं होतं, की दारातून आत येणार नाही अशी वस्तू विचारल्याशिवाय घ्यायची नाही. होडी कुठल्याच दारातून आत येत नाही.

हे गुपित फक्त बँडमास्तरांना माहीत होतं. त्यांनीही घरी 'ढोलकातडं निधी' काढला होता. पण आयुष्यभर फुंकण्याचं काम केलेला माणूस, तोंडात वारा राहतो कशाला. वर्षभरात युक्ती पलटणभर झाली. ड्रायव्हरच्या घरी 'रस्ताझीज निधी' निघाला, आचाऱ्याच्या घरी 'मीठ अनामत'. कवायत शिकवणाऱ्या उस्तादाने तर 'शिट्टी विमा' काढला. कुणी त्यातून पत्त्यांचा डाव लावे, कुणी कबुतरं पाळी. बायका बिचाऱ्या देशकार्य समजून महिना काटकसरीने काढत होत्या.

आणि मग नवे कर्नलसाहेब आले. नवा माणूस खुर्चीत बसला की त्याला काहीतरी सुधारावंसं वाटतंच. यांना पगाराच्या स्लिपा सुधाराव्याशा वाटल्या. हुकूम निघाला, की यापुढे स्लिप घरी पत्नीच्या हातात दिली जाईल, आणि शनिवारी दुपारी सभागृहात हेडक्लार्क सर्व कुटुंबांना वेतन, भत्ते आणि कपाती समजावून सांगतील. पाच वाजता कर्नलसाहेब चहाला येतील आणि कुणाची तक्रार असेल तर जातीने ऐकतील.

गुरुवारी सकाळपासून कचेरीत रीघ लागली. आत येणारा प्रत्येक जण आधी दार लावून घेत होता.

"साहेब, शनिवारी तेवढा रस्ताझीजचा विषय काढू नका," ड्रायव्हर म्हणाला.

"असला कुठलाही निधी नाही," कात्री म्हणाले. "लाज वाटायला हवी. घरच्या लक्ष्मीला फसवता?"

"चूक झाली साहेब."

असं सतरा जणांना त्यांनी फैलावर घेतलं. मनापासून घेतलं, मजाही आली. लोकां सांगे ब्रह्मज्ञान, आपण कोरडे पाषाण. अठरावे आले बँडमास्तर. त्यांनी दार लावलं, खुर्ची ओढली आणि एवढंच विचारलं, "आणि आपल्या वहिनी येणार आहेत का शनिवारी?" तेव्हा कुठे कात्रींना आपली काठी आठवली.

शनिवारी सभागृहात एकतीस बायका जमल्या. पहिल्या रांगेत, मधोमध, कात्रींच्या बाई. मांडीवर वही, पायाशी कापडी पिशवी आणि नाकावर कात्रींचाच जुना, टाकून दिलेला चष्मा, एक काडी दोऱ्याने बांधलेली. तो चष्मा बघून त्यांना कसंसंच झालं. दोन वर्षांपूर्वी डोळ्यांच्या डॉक्टरांनी बाईंना नवा करायला सांगितला होता. तेव्हा त्याच म्हणाल्या होत्या, राहू दे, यंदा काठीचेही जातायत, पुढच्या वर्षी बघू. पुढच्या वर्षीही काठीचे गेले होते.

कात्रींनी घसा साफ केला आणि फळ्यावर मधोमध उभी रेघ मारली. डावीकडे येणं, उजवीकडे जाणं. मूळ पगार कशावरून ठरतो, कुठला भत्ता बदलीबरोबर येतो आणि बदलीबरोबर जातो, भविष्य निर्वाह निधी कापला तरी तो आपलाच कसा असतो, व्याजासह परत कसा मिळतो, अडीनडीला अर्ज करून मधेच कसा काढता येतो, सगळं त्यांनी इतकं सोपं करून सांगितलं की मागच्या रांगेतली म्हातारी सासूसुद्धा मान डोलवायला लागली. साडेचार वाजले. आता निभावलं असं त्यांना वाटत असतानाच ड्रायव्हरची बायको उठली.

"साहेब, यात रस्ताझीज निधी कुठे दिसत नाही तो?"

खिडक्यांच्या बाहेर पलटण उभी होती. गज धरून, श्वास धरून. खरं सांगावं तर ड्रायव्हर जातो, ड्रायव्हरपाठोपाठ आचारी जातो, आणि काठी काही फार वेळ उभी राहत नाही. कात्रींनी पहिल्या रांगेतल्या वहीकडे पाहिलं.

"तो अंतर्गत निधी आहे," ते म्हणाले. "अंतर्गत निधी स्लिपवर छापत नाहीत. नियम आहे."

झालं. उचलली जीभ लावली टाळ्याला. सतरा हात वर गेले. मीठ अनामत? कलम सात. शिट्टी विमा? कलम सात, पोटकलम दोन. ढोलकातडं? ते परिशिष्टात. खिडकीबाहेर लोक एकमेकांच्या पाठी थोपटायला लागले. कात्रींना अशी दाद बत्तीस वर्षांत मिळाली नव्हती, त्यामुळे ते वाहवले. फळ्यावर त्यांनी एकोणीस निधींची यादी केली, पुढे दरमहाची रक्कम लिहिली आणि शेवटी आपल्या हाताने, ठसठशीत अक्षरात, झेंडाकाठीही लिहिली.

तेव्हा बाई उठल्या. चारचौघांत त्या त्यांना साहेबच म्हणाल्या.

"साहेब, एक शंका. निधी म्हटला की तो आपलाच असतो, असं तुम्ही मघाशी सांगितलंत. मग हे निधीही परत मिळत असतील ना?"

पाचला दहा मिनिटं कमी होती. नाही म्हणावं तर एकतीस बायका दहा मिनिटांत कर्नलसाहेबांना विचारणार.

"मिळतात," कात्री म्हणाले.

"व्याजासह?"

"व्याजासह."

"आणि अडीनडीला मधेच काढता येतात. अर्ज करून, तीन प्रतींत."

कात्रींनी मान हलवली. बाईंनी पायाशी ठेवलेली पिशवी उघडली आणि अर्ज वाटायला सुरुवात केली. हाताने लिहिलेले, कार्बन घालून, प्रत्येकीला तीन-तीन. तेव्हा कात्रींच्या डोक्यात प्रकाश पडला. इतके अर्ज काही पंधरा मिनिटांत लिहून होत नाहीत. हिला ठाऊक होतं, आणि ही वाट बघत होती.

"रकमेचा अंदाज कसा काढायचा तेवढं एका उदाहरणाने दाखवा," बाई म्हणाल्या. "काठीचंच घ्या."

कात्रींनी फळ्यावर मांडलं. दोनशे गुणिले बहात्तर, चौदा हजार चारशे. व्याज आठ टक्के, सरासरी तीन वर्षं, तीन हजार चारशे छप्पन्न. एकूण सतरा हजार आठशे छप्पन्न. हिशोब चुकला नाही. खिडकीबाहेर आता कुणी कुणाची पाठ थोपटत नव्हतं. बायकांनी ते उदाहरण उतरवून घेतलं आणि आपापले आकडे घालून आपापल्या नवऱ्यांची किंमत काढली.

सोमवारी ड्रायव्हर कचेरीत आला आणि कात्रींना म्हणाला, "साहेब, मला पकडू दिलं असतंत तर नुसत्या शिव्या बसल्या असत्या. शिव्यांना व्याज नसतं." कात्रींनी त्याला तोड काढून दिली. फौजेच्या पगारात एक खरीखुरी सोय असते, जवानाने लिहून दिलं की ठरावीक रक्कम परस्पर घरी जाते. महिनाअखेरीला एकोणीस जणांच्या स्लिपवर ती नवी ओळ छापून आली. पलटणीच्या इतिहासात पहिल्यांदाच घरी सांगितलेली कपात आणि कागदावरची कपात एक झाली.

पण हे सगळं पुढचं. शनिवारी संध्याकाळी कात्री घरी गेले ते वजनाच्या यंत्राला टेकून उभे राहिले. बसायचा धीर होईना.

"बँडमास्तरांच्या बायकोला कर्ण्याच्या पेटीत पावत्या सापडल्या, दोन महिने झाले," बाई म्हणाल्या. "दोघांची नावं होती."

"मग तेव्हाच बोलायचं नाही का?"

"तुम्ही सांगाल म्हणून थांबले होते." त्यांनी तो दोरा बांधलेला चष्मा काढून टेबलावर ठेवला. "रोज सकाळी पाणी भरताना त्या काठीकडे बघायची मी. आपले दोनशे आहेत तिच्यात, म्हणून नमस्कार करायची. मला होडीचा राग नाही. नमस्काराचा आहे."

कात्रींना रडूच आलं. ज्या माणसाने बत्तीस वर्षं जवानांच्या डोळ्यांतलं पाणी बघून अर्ज मागितला, तो न्हाणीघराच्या दारात डोळे पुसत उभा राहिला. पुसून झाल्यावर म्हणाले, "उद्या सुताराकडे जातो. माझी अर्धी विकून टाकतो."

"गिऱ्हाईक आहे," बाई म्हणाल्या. "मीच घेते. पंधरा हजारांना. तुमच्याकडून येणं सतरा हजार आठशे छप्पन्न, त्यातून वळते करा. राहिले दोन हजार आठशे छप्पन्न, त्यात आधी चष्मा. आणि सुताराचे तीन हप्ते तुमचे तुम्ही भरायचे. दुसरी अर्धी बँडमास्तरीणबाई घेतायत."

कात्रींनी हिशोब मनातल्या मनात तपासला. काही चूक सापडली नाही.

तीन महिन्यांनी ते निवृत्त झाले. पहिल्याच रविवारी बाईंनी त्यांना तळ्यावर नेलं. नाकावर नवा चष्मा, हातात वल्हं. सुताराच्या बहिणीकडून त्या दोन महिन्यांत वल्हवायला शिकल्या होत्या. होडी मधोमध आली. पाणी गप्प होतं आणि चारी बाजूंनी एकही भिंत नव्हती. कात्रींनी पाय लांब केले, डोळे मिटले. दर रविवारी दोन तास बसणं ठरलं होतं. वर चहा भत्ता दहा मिनिटं, गप्प बसल्याचा भत्ता दहा मिनिटं. थोडंफार कापलं जाईल, पण दीड तास तरी हातात पडेल, असा त्यांनी अंदाज बांधला होता. त्यांचा अंदाज कधी चुकत नसे.

अर्ध्या तासाने होडी काठाकडे वळली. त्यांनी डोळे उघडले तेव्हा बाईंनी पदराखालून घडी केलेला कागद काढून त्यांच्या हातात दिला. मधोमध उभी रेघ. डावीकडे एकशे चाळीस मिनिटं. उजवीकडे, वल्हवणाऱ्याचा मेहनताना वीस, न्हाणीघराच्या दारातला अडथळा तीस, झेंडाकाठी साठ. निव्वळ मिळणारं बसणं, तीस मिनिटं.

कात्रींनी कागद दोनदा वाचला. मग बत्तीस वर्षांत न विचारलेली गोष्ट त्यांनी विचारली.

"अगं, माझे का कापले?"

बाईंनी वल्हं मारलं.

"नियम आहे," त्या म्हणाल्या. "अर्ज करा, तीन प्रतींत."